नोव्हेंबरातलं धावतं वर्णन

बसायचं तर बसा. पण आधी ते फोन खिशात. उजेड माझ्या डोळ्यांत जातो, आणि मी सांगत असताना कुणी अंगठा चाळवत बसलेलं मला खपत नाही. कोल्बी, पाय कठड्यावरून खाली घे. तुझ्या बापाचा कठडा नाही तो.

हं. भुताची गोष्ट पाहिजे म्हणता. मला भुतंबितं कळत नाहीत. आठवीत शाळा सोडली, चाळीस वर्षं धान्याच्या कोठारावर काम केलं. मी जे कानांनी ऐकलं तेवढं सांगतो. माणूस माझ्या ओळखीचा. अजून जिवंत आहे. खोटं वाटलं तर उद्या जाऊन बघून या, गाडीनं सव्वा तासाचा रस्ता.

सुरुवात औषधाच्या पुडीनं झाली. सप्टेंबरची अठ्ठावीस तारीख, शनिवार. संध्याकाळी साडेपाचला मी गुडघ्याचं मलम आणायला गावात गेलो होतो. औषधवाली लोरीन दुकान बंद करत होती. माझ्या मलमाबरोबर तिनं आणखी एक कागदी पुडी हातात कोंबली.

"ही वर्लिनला दे. तुझ्या वाटेवर आहे."

"मी त्याच्याशी बोलत नाही."

"बोलू नकोस. पुडी दे. डायलिसिस बंद केलंय त्यानं. फार तर दोन-तीन दिवस आहे म्हणे. दुखण्यावरचं औषध आहे, एमिल, लवकर ने."

हा वर्लिन ओस्टमायर म्हणजे आपल्या तालुक्याचा बेसबॉलचा पंच. एकतीस वर्षं गावातला प्रत्येक सामना त्याच्या नजरेखालून गेला. या भागात असा माणूस नाही ज्याला त्यानं कधी ना कधी बाद दिलं नाही. मला एक्क्याण्णव साली दिलं. तीन स्ट्राइक झाल्या की फलंदाज बाद, आणि ती म्हणे माझी तिसरी. चेंडू बाहेर होता. आजही सांगतो, वीतभर बाहेर होता. त्या दिवसापासून मी त्याच्याशी बोललो नव्हतो. लोक त्याला "आंधळ्या, चष्मा घे" म्हणून ओरडायचे, तो ढिम्म. मग म्हातारपणी साखरेनं खरंच डोळे गेले, तेव्हा कुणी ओरडायला उरलं नाही.

डोळे गेल्यावर त्याच्याकडे एकच गोष्ट उरली. सामना ऐकायचा. एप्रिल ते सप्टेंबर, रोज संध्याकाळी, आपल्या संघाचा. आणि त्या वर्षी... कोल्बी, तुला आठवतंय ना ते वर्ष? एवढी वर्षं तळाला लोळणारा संघ, आणि त्या शनिवारी रात्री एक सामना जिंकला की पुढच्या फेरीत. वर्लिन डॉक्टरला म्हणाला होता, "सप्टेंबर संपेपर्यंत मला मरायला सवड नाही." सारं गाव हसलं होतं त्यावर. त्याला एवढंच कळून मरायचं होतं, आपले लोक आत गेले की नाही.

आता पूर्वीसारखं राहिलं नाही की रेडिओ लावला आणि ऐकलं. आपल्या इथलं स्टेशन सामने द्यायचं, ते बंद झालं. आता ज्याची त्याची वेगळी तऱ्हा. कुणी फोनवरच्या ॲपवर ऐकतो, कुणी उपग्रहाच्या रेडिओवर. मी ट्रकमध्ये ऐकतो. अंधार पडला की दूरच्या शहरातलं मोठं स्टेशन खरखरत लागतं, पण पाण्याच्या टाकीच्या टेकडीवर गेलं तरच. आणि एक गंमत आहे. माझ्या ट्रकात आधी ऐकू येतं. ॲपवाल्यांना तेच अर्ध्या मिनिटानं. मी टेकडीवर शिवी हासडली की खाली दारूच्या गुत्त्यातले लोक अर्ध्या मिनिटानं हासडतात.

तर मी पुडी सीटवर टाकली आणि टेकडीवर गेलो. होय, गेलो. लवकर ने म्हणाली होती, तरी गेलो. म्हटलं दोन डाव ऐकू. दोनाचे सात झाले. आपण चार-एकनं पुढे. साडेआठला म्हटलं, चला, आता वर्लिनकडे जाऊ. सामना त्याच्याकडेही लागलेला असणार, शेवट तिथंच ऐकू. न बोलता दोघांनी ऐकायला काय हरकत आहे?

त्याचं घर ओढ्याच्या खळग्यात. उतरता उतरता ट्रकचा रेडिओ गेला. दिवे बंद केले आणि खाली उतरलो, तर त्याच्या खोलीची खिडकी उघडी, आतून सामना ऐकू येत होता. लोकांचा गलका, बॅटीचा ठोका, सांगणाऱ्याचा आवाज. आपलेच खेळाडू, तीच नावं.

आणि आपण नऊ-शून्यनं हरत होतो.

मी तिथंच उभा राहिलो. म्हटलं, एमिल, म्हातारा झालास, कान गेले. तेवढ्यात आणखी एक चेंडू मैदानाबाहेर. दहा-शून्य. आतून वर्लिनचा आवाज आला, "अरे देवा." एवढंच. बारीक.

मी मागच्या दारानं आत गेलो. बैठकीत त्याचा भाचा ट्रेंट कोचावर पसरलेला. पन्नाशीला टेकलेला घोडा. आई मेल्यावर पंधराव्या वर्षापासून मामानंच पोसला. समोर टीव्ही, हातात ते दोन मुठींचं बटणांचं यंत्र. टीव्हीला जोडतात तो खेळाचा डबा असतो ना? त्यात आपलाच संघ असतो, सांगणारासुद्धा आत भरलेला. ट्रेंट खेळत होता आणि त्याचा आवाज वायरनं म्हाताऱ्याच्या उशाशी ठेवलेल्या स्पीकरमध्ये जात होता.

मला कळायला वेळ लागला. 

"शू," ट्रेंट म्हणाला. "मामा ऐकतायत."

"कधीपासून?"

"एप्रिल. ॲप घे म्हणाले होते. मी म्हटलं घेतलं."

"रोज?"

"रोज सहाला." हसत होता. "रोज हरवत नाही हां. मधूनच एखादा जिंकू देतो. आशा मेली की मजा मरते. एप्रिलातच विचारत होते, आपला नेहमीचा सांगणारा कुठे गेला? म्हटलं, मेला, मार्चमध्ये. रडले, एमिल. त्याच्यासाठी रडले. माझ्या आईसाठी नव्हते रडले."

"कुणीच सांगितलं नाही त्याला?"

"कोण सांगणार? नर्स परगावची. पाद्री येतो, तो फुटबॉलवाला."

"असं का रे केलंस, हरामखोरा?"

त्यानं टीव्हीवरची नजर काढली नाही. "तालुक्याची अंतिम फेरी. मी सतरा वर्षांचा. मोठ्या संघाचा माणूस मला बघायला आला होता. मी धाव पुरी करायला होम प्लेटवर घसरत आलो आणि माझ्या सख्ख्या मामानं मला बाद दिलं."

"बाद होतास तू. मी बघितलं. हातभर बाद होतास."

"म्हणून काय झालं?" तो म्हणाला. "मामा होता ना?"

मी खोलीत गेलो. वर्लिनचा नुसता सापळा उरला होता. पांढरे डोळे छताकडे. मी पुडी ठेवली, औषधाचे थेंब जिभेखाली सोडले आणि म्हटलं, "वर्लिन, मी एमिल. ऐक. हा सामना खोटा आहे. आपण चार-एकनं पुढे आहोत. आठवा डाव चालू असेल. हे पोरगं टीव्हीवर खेळ खेळतंय. वर्षभर खोटं ऐकलंस तू. आपण जिंकतोय, वर्लिन. आत चाललोय."

त्यानं कान स्पीकरकडे वळवला. मग हसला.

"एक्क्याण्णवपासून तू माझ्याशी बोलला नाहीस," म्हणाला. "आज गोड बोलायला आलास. म्हणजे मी नक्की मरतोय."

"खरं सांगतोय रे!"

"दया नको करूस, एमिल. तुला जमत नाही. कान आहेत मला अजून."

मी ट्रककडे धावलो. या गुडघ्यांनी. ट्रक त्याच्या फुलझाडांवरून चढवून खिडकीला आणून भिडवला आणि रेडिओचा आवाज पूर्ण सोडला. नुसती खरखर. खळगा ना तो! मी काटा फिरवतोय, ट्रक मागं घेतोय, पुढं घेतोय, शिव्या देतोय. खरखर. ट्रेंटकडे फोन मागितला. "चार्ज नाही," म्हणाला. माझ्याकडे तेव्हा फोन नव्हता. पोरीनं दिलेला घरी खणात पडला होता.

मग गावातून भोंगे वाजले. सामना संपला होता. आधी एक-दोन ट्रक, माझ्यासारखे जुने रेडिओवाले. मग अर्ध्या मिनिटानं सारं गाव. भोंगे, घंटा, बंदुकीचे बार.

वर्लिननं मान वळवली. "ते काय?"

मी तोंड उघडलं. त्याच्या आत दारातून ट्रेंट म्हणाला, "लग्न आहे कुणाचं तरी, मामा."

"हां," वर्लिन म्हणाला. "शनिवार ना आज." मग थोड्या वेळानं, "शेवटचा स्कोअर काय झाला?"

"बारा-शून्य," ट्रेंट म्हणाला.

पावणेदहाला गेला. बाहेर अजून भोंगे वाजत होते.

पाणी दे रे, कोल्बी. नाही, तुझ्यातलं नको.

आता पुढचं. नोव्हेंबरची चौदा, गुरुवार. घरात मी एकटा. स्वयंपाकघरात गरम पाण्यात पाय सोडून बसलो होतो. नऊ चाळीसला भिंतीवरचा फोन वाजला.

"तूच करतोयस ना हे?" ट्रेंट.

"काय?"

"नाटकं करू नको, म्हाताऱ्या. कुठून लावलंयस? बंद कर."

"काय बंद करू?"

"ऐक!" त्यानं फोन दूर धरला असणार. मागं गलका ऐकू आला. लोकांचा. मोठ्या मैदानातला. आणि सांगणाऱ्याचा आवाज. धिमा, आपल्याकडचाच, मध्येच थांबणारा. कोण कुठले खेळाडू, मी नावं कधी ऐकली नव्हती.

मी म्हटलं, "नोव्हेंबरात कसला सामना? देशात एकही सामना नाही आज."

"तेच म्हणतोय मी! मामाच्या खोलीतल्या स्पीकरमधून येतंय."

"मग वायर काढ."

"काढली." त्याचा आवाज चढला. "वायर माझ्या हातात आहे, एमिल. डबा मी ऑक्टोबरातच विकला."

इत्झेल, तू आत्ता विचारणार आहेस तो वर्लिनचा आवाज होता का. नव्हता. असता तर बरं झालं असतं. वर्लिनला मी ओळखतो. हा कुणाचा आवाज होता ते मला आजवर कळलं नाही.

सांगणारा म्हणाला, "नववा डाव. दोन बाद. आता खेळायला येतोय... ट्रेंट."

गलका थांबला. एवढ्या हजारो लोकांचा, एकदम.

"ट्रेंट पलंगाशी उभा आहे. हातात वायर. वायर टाकतो." मग थांबून, "भिंतीवर लाथ मारतो."

मी फोनवर म्हटलं, "लाथ मारलीस का?"

"मघाशी," ट्रेंट म्हणाला. "अर्धं मिनिट झालं असेल. तुला फोन लावण्याआधी... नाही. नंतर. एमिल, तो बघतोय मला?"

"बाहेर पड घरातून."

मी टेबलाशी खुर्ची ओढली. पाय पुसले. सांगतो ते खरं सांगतो. माझं घर तिथून पाच किलोमीटर. ट्रक दारात, किल्ली खिळ्याला. मी कपात कॉफी ओतली आणि बसलो. सामना ऐकताना बसतो तसा.

त्याची पावलं वाजली. लाकडी जमीन त्या घराची, प्रत्येक पाऊल ऐकू यायचं. चार पावलं. दाराचा खटका. मग बराच वेळ काही नाही. मग तो सांगणारा: "चार पावलं टाकतो. दाराशी जातो. खटका ओढतो. दार उघडत नाही."

"उघडत नाहीये," ट्रेंट म्हणाला. "एमिलकाका, दार उघडत नाहीये."

काका. पन्नास वर्षांत पहिल्यांदा.

"पहिली स्ट्राइक," सांगणारा म्हणाला.

"खिडकी बघ," मी म्हटलं.

पावलं. पळती. आणि या खेपेला मागं उशीर नव्हता. पाऊल आणि शब्द बरोबरच. "खिडकीकडे जातो." खिडकीकडे गेला. "तावदान वर ओढतो." ओढलं. "बाहेर बघतो." तो बघत असणार.

"काय दिसतंय?" मी विचारलं.

"..."

"ट्रेंट?"

"दिवे," तो म्हणाला. "खूप दिवे, काका. माणसं बसलीयत. सगळी इकडे बघतायत."

त्या खळग्यात मका उभा असतो. नोव्हेंबरात तोही कापलेला.

"दुसरी स्ट्राइक."

मग ते सुरू झालं. शब्द पुढे गेला.

"ट्रेंट मागं वळतो," सांगणारा म्हणाला. मी मनात मोजलं. एक. दोन. मग पाऊल घासल्याचा आवाज.

"मी नाही वळलो," ट्रेंट पुटपुटला. "मी... मला नव्हतं वळायचं."

"फोन खाली ठेवतो."

एक. दोन. फोन ठेवल्याचा टक्क आवाज. बंद केला नाही. ठेवला.

"ट्रेंट! उचल तो!"

"हात खाली घेतो."

शांत.

"रडतो."

रडला. मोठा गडी. लहान पोरासारखा.

"थांबतो."

थांबला. मध्येच. हुंदका अर्धा राहिला.

माझी कॉफी तशीच होती. कप हातात. उठता येत नव्हतं असं नाही. उठलो नाही.

"आता धावतो."

एक. दोन.

पावलं. त्या खोलीची लांबी दहा-बारा पावलं. मी तीस मोजली. चाळीस. साठ. थांबत नव्हती. जमिनीचा आवाजही बदलला. लाकूड नव्हतं आता. माती.

"घसरतो."

धप्प.

...

मग मागून, दुरून, तो पुकारा आला. सांगणाऱ्याचा नव्हे. पंचाचा. कानात तेहेतीस वर्षं घेऊन फिरतोय मी तो पुकारा. जगात दुसरा कुणी तसा ओरडत नाही.

"बाद!"

गलका झाला नाही. कुणी टाळी वाजवली नाही. ती हजारो माणसं तिथंच होती. नुसती बसलेली.

सांगणारा म्हणाला, "ट्रेंट श्वास घेतो."

घेतला. फोनमधून ऐकू आला.

"सोडतो."

सोडला.

"घेतो."

"सोडतो."

असं चार-पाच वेळा. मग सांगणारा थांबला.

मी वाट बघितली.

काही नाही. खरखर नाही. गलका नाही. श्वास नाही...

मला कळलं. तुम्हालाही कळलं, तुमचे चेहरे दिसतायत मला. त्याला कुणी सांगितलं नाही, तर तो घेणार नव्हता. ऐकत पडला होता. वाट बघत. आणि फोनच्या या टोकाला मी होतो.

काय, इत्झेल? मग मी सांगितलं का, म्हणतेस?

सांगितलं.

लगेच का, म्हणतेस?

...

भिंतीवर घड्याळ होतं. सेकंदाच्या काट्याचं. मला ते बारा-शून्य आठवत होतं. आणि ते लग्न. काटा एकदा पूर्ण फिरला. मग आणखी थोडा. किती, ते मी बायकोच्या थडग्यापाशीसुद्धा बोललो नाही. तुम्हाला सांगणार नाही.

मग मी फोन तोंडाशी घेतला आणि म्हटलं, "ट्रेंट श्वास घेतो."

एक. दोन.

अंगावर काटा येईल असा ओढला त्यानं. बुडालेला माणूस वर आल्यासारखा.

"सोडतो," मी म्हटलं.

एका हातानं भिंतीवरचा फोन. दुसऱ्या हातानं पोरीनं दिलेला, अँब्युलन्सला. तिकडे पत्ता सांगायचा, इकडे घेतो, सोडतो. तेवीस मिनिटं. एकदा ती बाई म्हणाली, नाव परत सांगा, मी सांगितलं, आणि तेवढ्यात इकडचं राहिलं... मग घाईनं, घेतो, घेतो.

लोक पोहोचले तेव्हा दार उघडंच होतं. खोलीच्या मधोमध पालथा, हात पुढे ताणलेले. त्याला गाडीत घातल्यावर श्वास आपोआप सुरू झाला. तेवढाच. बाकी काही नाही.

जिल्ह्याच्या रुग्णालयाला डोकं, रक्त, नसा, कशात काही सापडलं नाही. आता तो तिकडच्या आश्रमात असतो, तिसऱ्या मजल्यावर. दर महिन्याला मी जातो. का जातो, विचारू नका. डोळे उघडे असतात त्याचे. ताट समोर असतं. नर्सबाई शेजारी बसते आणि सांगते: ट्रेंट चमचा उचलतो. ट्रेंट तोंड उघडतो. ट्रेंट गिळतो. गिळतो म्हणायला एकदा नवी पोरगी विसरली, तर सारा दिवस घास गालात तसाच. रात्री निघताना म्हणावं लागतं, ट्रेंट डोळे मिटतो. माझ्याशिवाय पै-पाहुणे कुणी नाहीत. त्या मजल्यावर रेडिओ नाही, टीव्ही नाही. तशी चिठ्ठी मीच लिहून दिली, वेडीवाकडी. रात्री बाहेरून कुलूप.

त्याला एकदा मी म्हणून बघितलं. नर्स बाहेर गेल्यावर. "ट्रेंट माफी मागतो." दोनदा म्हटलं. ओठ हलले नाहीत. बाकी सगळं ऐकतो, ते ऐकलं नाही.

गेल्या महिन्यात गेलो तेव्हा ती थोरली नर्सबाई मला जिन्याशी अडवून म्हणाली, "तुम्ही त्याला रात्रीचं काही सांगून जाता का? चालायबिलायचं?"

म्हटलं, "मी पाचला निघतो. मला आता रात्रीचं दिसत नाही."

"मग कोण सांगतं?" ती म्हणाली. वर घेऊन गेली मला. पांघरूण पायांवरून बाजूला केलं.

तळवे पांढरे होते. टाचेपासून बोटांपर्यंत. मी बोट लावून बघितलं. फक्की. मैदानावर रेघा मारायची फक्की. रोज सकाळी असते म्हणाली, रोज धुते ती. एप्रिलपासून.

मी खाली बघितलं. पलंगापासून दारापर्यंत फरशी स्वच्छ होती.